चितळकर अण्णा

मागल्या संक्रांतीला आपल्या मंडळाच्या हळदीकुंकवात गाण्याच्या भेंड्या रंगल्या होत्या. माझ्यावर ‘ई’ आली आणि मी काही विचार न करता ‘ईना मीना डीका’ सुरू केले. बायका हसल्या, दोघीचौघींनी टाळ्याही धरल्या. परंतु एका वडीलधाऱ्या बाईंनी हळूच सुचविले की, असली थिल्लर गाणी बायकांच्या बैठकीत नकोत, एखादे चांगले म्हणावे. मी गप्प बसले. पुढे त्यांची पाळी आली तेव्हा त्यांनी ‘ऐ मेरे वतन के लोगो’ म्हटले आणि सर्वांचे डोळे पाणावले. माझ्या अगदी ओठांवर आले होते, की बाई, या दोन्ही गाण्यांना चाल लावणारा माणूस एकच आहे. पण त्या माझ्या सासूबाईंच्या वयाच्या. बोलवले नाही. ते आज लिहिते. माझे शिक्षण सातवीपर्यंतचे, तेव्हा भगिनींनी चूकभूल पोटात घालावी.

त्यांचे संपूर्ण नाव रामचंद्र नरहर चितळकर. सिनेमाच्या पाटीवर ते सी. रामचंद्र झाले, ‘सी’ म्हणजे चितळकर. जवळची माणसे त्यांना अण्णा म्हणत. जन्म १२ जानेवारी १९१८ रोजी नगर जिल्ह्यातील पुणतांब्याचा. गाण्याचे शिक्षण विनायकबुवा पटवर्धनांकडे झाले आणि आपल्या नागपूरच्या श्रीराम संगीत विद्यालयात शंकरराव सप्रे यांच्याकडेही झाले. म्हणजे पाया सगळा आपल्या रागदारीचा. पुढे ज्यांना विलायती चालींचा माणूस म्हणून नावे ठेवली गेली, त्यांनी सरगम घोटली ती नागपुरात, हे आपण वऱ्हाड-नागपूरच्या बायकांनी तरी विसरू नये.

हौस मात्र नट होण्याची होती. १९३५ च्या सुमारास ‘नागानंद’ नावाच्या चित्रपटात त्यांना नायकाचे काम मिळाले. पण नायकपद काही पुढे चालले नाही. सोहराब मोदींच्या मिनर्व्हा कंपनीत लहानसहान कामे करावी लागली, आणि तेथेच ते बिंदू खाँ व हबीब खाँ या संगीतकारांच्या हाताखाली पेटी वाजवू लागले. नायक व्हायला निघालेल्या तरुणाला पेटीवर बसावे लागले, तेव्हा मनाला काय वाटले असेल ते ज्याचे त्याला ठाऊक! परंतु त्या पेटीनेच त्यांना हात दिला. संगीत दिग्दर्शक म्हणून पहिले काम मिळाले तेही दूर मद्रासकडच्या तमिळ चित्रपटांत. नंतर १९४२ साली मास्टर भगवान यांनी ‘सुखी जीवन’ हा चित्रपट दिला. हे भगवान म्हणजे भगवान पालव, जन्म आपल्या अमरावतीचा. दोघांची जोडी अशी जमली की पुढे कित्येक वर्षे सुटली नाही.

आता त्या विलायती चालींविषयी. जाझ म्हणजे काय, हे मलाही पूर्वी ठाऊक नव्हते. अमेरिकेत गुलाम म्हणून नेलेल्या आफ्रिकेतल्या लोकांच्या मुलानातवंडांनी हे संगीत उभे केले. वाद्ये पुष्कळशी आपल्या लग्नातल्या बँडचीच: क्लॅरिओनेट, ट्रम्पेट, सॅक्सोफोन. ठेका मात्र सरळ पडत नाही, जरा अलीकडे, जरा पलीकडे पडतो, आणि वाजविणारा ऐन वेळी स्वतःच्या मनाचे घालतो. आपला गवई तान घेतो, त्यातलाच हा प्रकार. बेनी गुडमन नावाचा एक अमेरिकन क्लॅरिओनेटवाला होता, त्याच्या वादनाने अण्णांना वेड लावले. मुंबईच्या मोठमोठ्या हॉटेलांत साहेबलोकांच्या नाचासाठी हे संगीत तेव्हा वाजत असे. वाजविणारे बहुतेक गोव्याचे ख्रिस्ती. पोर्तुगीजांच्या अमलात गोव्यातील चर्चच्या शाळांतून मुलांना कागदावर लिहिलेले स्वर वाचण्याचे शिक्षण मिळे, त्यामुळे ही माणसे त्या कामात तरबेज होती. अण्णांनी त्यांना स्टुडिओत आणले. अण्णा चाल गाऊन दाखवीत, ते ती कागदावर उतरवून घेत, आणि मग निरनिराळ्या वाद्यांना निरनिराळे काम वाटून दिले जाई. सगळ्या वाद्यांनी गाणाऱ्याच्या मागून एकच सूर धरायचा, ही जुनी रीत त्यामुळे मोडली. यांपैकी आंतोनियो व्हाझ हे ताज हॉटेलातले नामांकित ट्रम्पेटवाले. चिक चॉकलेट या नावाने ते ओळखले जात. अण्णांचे ते साहाय्यक होते आणि ‘अलबेला’त पडद्यावरही त्यांचा ताफा दिसतो. पुन्हा कधी पाहण्यात आला तर लक्ष ठेवा.

१९४७ साली, देश स्वतंत्र झाला त्याच वर्षी, ‘शहनाई’ आला. त्यातले दर रविवारी भेटायला बोलावणारे गाणे गल्लोगल्ली झाले. त्यात चक्क शीळ घातलेली होती! शीळ घालणे म्हणजे टवाळांचे लक्षण, असे मानण्याचा तो काळ. घरोघरच्या वडीलमंडळींनी कपाळाला हात लावला असेल, यात नवल नाही. १९४९ साली ‘पतंगा’तले रंगूनहून टेलिफोन करणाऱ्या नवऱ्याचे गाणे आले. त्यातला नवऱ्याचा आवाज स्वतः अण्णांचाच, शमशाद बेगम यांच्याबरोबर. गाताना ते फक्त चितळकर असे नाव लावीत, त्यामुळे गायक चितळकर आणि संगीतकार सी. रामचंद्र हे दोघे वेगळे गृहस्थ आहेत, अशी पुष्कळांची समजूत होती. माझीही लग्नानंतर कित्येक वर्षे होती.

१९५१ सालचा ‘अलबेला’ म्हणजे कळस. निर्माते, दिग्दर्शक आणि नायक तिन्ही भगवान, नायिका गीता बाली. भगवान यांचा तो हातपाय हलवीत जागच्या जागी केलेला नाच अजूनही लग्नाच्या वरातीत दिसतो, आमच्या वरूडात तर हटकून. बोंगो, ट्रम्पेट, सॅक्सोफोन यांचा नुसता धुमाकूळ आहे त्यात. परंतु भगिनींनो, त्याच चित्रपटात लताबाईंची एक अंगाई आहे. इतकी हलकी, की गाणाऱ्या बाईलाच झोप यावी. माझी दोन्ही मुले मी त्या अंगाईवर निजविली आहेत. एकाच पेटीतून वरातीचे गाणे निघाले आणि पाळण्याचेही. त्यातले थिल्लर कोणते म्हणायचे?

तरीही सरकारला ते तसेच वाटले. १९५२ साली नभोवाणीमंत्री झालेल्या बाळकृष्ण केसकरांनी रेडिओवरून सिनेमाची गाणी जवळजवळ हद्दपार केली. शास्त्रीय संगीत वाढावे हा त्यांचा हेतू चांगला होता, ते मी नाकारीत नाही. पण लोकांनी सुई फिरवून रेडिओ सिलोन लावले. शेवटी ३ ऑक्टोबर १९५७ रोजी विविध भारती सुरू करावी लागली. आणि त्या मधल्या काळातच अण्णांनी ‘अनारकली’ (१९५३) आणि ‘आझाद’ (१९५५) केले. ‘अनारकली’तली लताबाईंची गाणी ऐकताना बँडची आठवणही होत नाही, इतकी ती आर्जवी आणि आपल्या वळणाची.

‘ईना मीना डीका’ १९५७ सालच्या ‘आशा’तले. किशोरकुमारांनीही गायिले आणि आशाबाईंनीही. अण्णांच्या घराबाहेर खेळणाऱ्या पोरांचे शब्द कानी पडून ते सुचले आणि गोव्याच्या एका साथीदाराने त्यात आपली कोकणी मिसळली, असे सांगतात. आपल्या अंगणात पोरी भोंडला खेळतात तेव्हा तरी प्रत्येक शब्दाला कोठे अर्थ असतो!

पुढे लताबाईंच्या व त्यांच्यात अंतर पडले. कारणे आपण उकरू नयेत. ज्या आवाजावर अण्णांची निम्मी गाणी उभी होती तोच गेल्यावर कामही हळूहळू ओसरले. ‘नवरंग’ (१९५९) मात्र आशाबाईंच्या आवाजात गाजला. आणि मग चीनचे युद्ध झाले. कवी प्रदीप यांनी शहीद जवानांवर गीत लिहिले, चाल अण्णांनी बांधली, आणि २७ जानेवारी १९६३ रोजी दिल्लीत पंडित नेहरूंसमोर ते गायिले लताबाईंनीच. मनातले अंतर त्या दिवसापुरते तरी बाजूस राहिले. पंडितजींचे डोळे भरून आले, हे सर्वांस ठाऊक आहे. चाल कोणाची, हे मात्र फार थोड्यांस ठाऊक असते. मला याची खंत वाटते. स्वयंपाक करणारीचे नाव पंगतीत कोण विचारतो, तसेच हे!

उतारवयात ते मराठीकडे वळले. गदिमांच्या ‘गीतगोपाल’ला त्यांनी चाली दिल्या. ‘धनंजय’ (१९६६) आणि ‘घरकुल’ (१९७०) हे दोन मराठी चित्रपट स्वतः काढले आणि त्यांत कामेही केली. तरुणपणची नटाची हौस अशी पन्नाशीच्या आसपास फिटली. ‘घरकुल’मध्ये आपल्या अमरावतीच्या सुरेश भटांचे एक गीत आशाबाईंनी गायिले आहे, तेही अण्णांच्याच चालीत. १९७७ साली त्यांचे ‘माझ्या जीवनाची सरगम’ हे आत्मचरित्र निघाले. त्यावरून बरीच बोलाचाली झाली. माझे मत विचाराल तर काही गोष्टी लिहिल्या नसत्या तरी चालले असते.

५ जानेवारी १९८२ रोजी मुंबईस त्यांचे निधन झाले. चौसष्टावा वाढदिवस सात दिवसांवर आला होता.

त्या वडीलधाऱ्या बाईंना हे सर्व मी अजून तोंडाने सांगितलेले नाही. त्या स्मरणिका पहिल्या पानापासून शेवटच्या पानापर्यंत वाचतात. संक्रांत जवळ आलीच आहे. यंदा ‘ई’ कोणावर येते ते पाहू.