एफएम रेडिओ शोधणारा माणूस आणि त्याच्यासमोरची कंपनी

फोनमध्ये एफएम रेडिओ असेल तर उघडून बघा. स्टेशनं साधारण 88 ते 108 मेगाहर्ट्झमध्येच सापडतात. एफएम या पट्ट्यात कसं आलं, हे शोधताना मला एडविन आर्मस्ट्राँगची गोष्ट सापडली.

तो 1890 मध्ये न्यूयॉर्कमध्ये जन्मला. कोलंबिया विद्यापीठात शिकतानाच त्याने क्षीण सिग्नल कित्येक पटींनी वाढवणारं सर्किट बनवलं. पहिल्या महायुद्धात लष्करातर्फे पॅरिसला असताना सुपरहेटरोडाइन रिसीव्हर शोधला. पुढची अनेक दशकं जवळपास प्रत्येक रेडिओ त्याच तत्त्वावर चालला. एवढ्यावर थांबला असता तरी चाललं असतं की!

पण त्याला रेडिओतली खरखर खटकायची. एएममध्ये आवाज लहरीच्या उंचीत असतो आणि वीज कडाडली की नेमकी ती उंचीच बिघडते. आर्मस्ट्राँगने आवाज वारंवारतेत भरला, तोही मुद्दाम रुंद पट्टा वापरून. बाकीचे तज्ज्ञ तेव्हा पट्टा अरुंद करायच्या मागे होते. 1933 मध्ये त्याला पेटंट मिळालं.

आरसीए तेव्हाची बलाढ्य रेडिओ कंपनी. सेट ती विकणार, एनबीसीची स्टेशनं तिचीच, पेटंटचा साठाही तिच्याकडेच. तिचा प्रमुख डेव्हिड सारनॉफ हा आर्मस्ट्राँगचा जुना मित्र. एम्पायर स्टेट बिल्डिंगवरच्या चाचण्या छान झाल्या, तरी 1935 मध्ये कंपनीने त्याला तिथलं सामान हलवायला सांगितलं. एएमचा धंदा जोरात होता आणि पुढचा पैसा टीव्हीत दिसत होता.

मग त्याने स्वतःच्या खर्चाने न्यू जर्सीत टॉवर उभारला. 1940 मध्ये आरसीएने एकरकमी 10 लाख डॉलर देऊ केले. त्याने नाकारले, कारण इतर कंपन्या रॉयल्टी देत होत्या, मग यांनाच सूट का? मला तरी हे पटतं.

1945 मध्ये एफसीसी या सरकारी संस्थेने एफएमचा पट्टा 42-50 मेगाहर्ट्झवरून 88 च्या वर नेला. लोकांच्या घरातले जुने एफएम सेट निकामी झाले. एका अपडेटने चालू फोन बंद पडावा तसं. दरम्यान आरसीएच्या टीव्हीतला आवाज मात्र एफएमवरच चालत होता, आर्मस्ट्राँगला रॉयल्टी न देता.

1948 मध्ये त्याने खटला भरला. कंपनीकडे वकील आणि वेळ दोन्ही भरपूर. याची पेटंटं संपत आली, पैसाही संपला. 31 जानेवारी 1954 रोजी त्याने आयुष्य संपवलं.

त्याची पत्नी मॅरियन एकेकाळी सारनॉफचीच सेक्रेटरी होती. तिने लढा चालू ठेवला. त्याच वर्षी आरसीएने सुमारे 10 लाख डॉलर देऊन तडजोड केली. मोटोरोलाविरुद्धचा शेवटचा खटला तिने जिंकला, तेव्हा 1967 साल उजाडलं होतं.