इडा बी. वेल्स

इडा बेल वेल्स-बार्नेट (१६ जुलै १८६२, होली स्प्रिंग्ज, मिसिसिपी – २५ मार्च १९३१, शिकागो) या अमेरिकन शोधपत्रकार, संपादिका आणि नागरी हक्कांच्या कार्यकर्त्या होत्या. अमेरिकेच्या दक्षिणेकडील राज्यांत गोऱ्या जमावांनी केलेल्या कृष्णवर्णीयांच्या हत्यांची (झुंडबळींची) पद्धतशीर चौकशी करून त्यांमागील सांगितली जाणारी कारणे त्यांनी खोटी ठरवली.

पूर्वायुष्य

वेल्स यांचा जन्म गुलामगिरीत झाला. १८७८ च्या पीतज्वराच्या साथीत आईवडील आणि एक भाऊ दगावल्यावर भावंडांच्या पोषणासाठी सोळाव्या वर्षी त्यांनी शिक्षिकेची नोकरी धरली. पुढे त्या टेनेसीतील मेम्फिस येथे गेल्या. रेल्वेत स्त्रियांच्या डब्यातून बळाने बाहेर काढल्याबद्दल त्यांनी कंपनीवर खटला भरला. १८८४ मध्ये त्यांना ५०० डॉलर भरपाई मंजूर झाली. परंतु १८८७ मध्ये राज्याच्या सर्वोच्च न्यायालयाने हा निकाल फिरवला. १८८९ मध्ये त्या मेम्फिसमधील ‘फ्री स्पीच’ या वृत्तपत्राच्या भागीदार व संपादिका झाल्या.

मेम्फिसमधील हत्या

९ मार्च १८९२ रोजी थॉमस मॉस, कॅल्विन मॅकडॉवेल आणि विल स्टुअर्ट यांना जमावाने तुरुंगातून बाहेर नेऊन गोळ्या घातल्या. या तिघांच्या किराणा दुकानामुळे शेजारच्या गोऱ्या दुकानदाराचा धंदा बसत होता. मॉस हे वेल्स यांचे निकटचे स्नेही होते. गुन्हेगारांना शिक्षा झाली नाही. झुंडबळी हा स्त्रियांवरील अत्याचारांमुळे उसळलेल्या संतापाचा परिणाम असतो, हा समज तोपर्यंत वेल्स यांनाही बऱ्याच अंशी पटत असे. या घटनेने तो मोडला. कृष्णवर्णीयांनी मेम्फिस सोडावे, असे आवाहन त्यांनी केले आणि अनेकांनी ते मानले. मे महिन्यातील एका अग्रलेखात त्यांनी बलात्काराच्या आरोपांवरच शंका घेतली, तेव्हा जमावाने वृत्तपत्राचे कार्यालय उद्ध्वस्त केले. त्या वेळी त्या शहराबाहेर होत्या. जिवाला धोका असल्याने परतल्या नाहीत.

चौकशीची पद्धत

न्यूयॉर्कमध्ये राहून त्यांनी ‘सदर्न हॉरर्स’ (१८९२) ही पुस्तिका प्रसिद्ध केली आणि पुढे ‘द रेड रेकॉर्ड’ (१८९५) हा विस्तृत अहवाल प्रसिद्ध केला. आपल्या शब्दावर कोणी विश्वास ठेवणार नाही, हे ओळखून त्यांनी गोऱ्यांच्याच वृत्तपत्रांतील बातम्या पुरावा म्हणून मांडल्या. ‘शिकागो ट्रिब्यून’च्या नोंदींनुसार आठ वर्षांतील ७२८ बळींपैकी केवळ एक तृतीयांश जणांवर बलात्काराचा आरोप होता. इतरांवर खून, जाळपोळ, चोरी असे आरोप ठेवलेले होते. काहींवर तर कोणताच गुन्हा नव्हता. काही प्रकरणांत ज्याला बलात्कार म्हटले गेले, ते परस्परसंमतीचे संबंध होते, हेही त्यांनी दाखवले. हेच विधान सर्वाधिक झोंबले.

‘अँटी-कास्ट’ या इंग्रजी नियतकालिकाच्या संपादिका कॅथरिन इम्पी यांच्या निमंत्रणावरून १८९३ मध्ये, आणि पुन्हा १८९४ मध्ये, त्यांनी ब्रिटनमध्ये व्याख्याने दिली. १८९५ मध्ये शिकागोतील वकील फर्डिनंड बार्नेट यांच्याशी त्यांचा विवाह झाला.

१९०९ मध्ये इलिनॉयमधील कैरो येथे जमावाने एका कैद्याची हत्या केली. तेथे जाऊन त्यांनी साक्षी गोळा केल्या आणि गव्हर्नरांपुढे युक्तिवाद केला. पदच्युत शेरीफ पुन्हा नेमला गेला नाही. आर्कान्सातील एलेन येथे १९१९ च्या हत्याकांडानंतर बारा कृष्णवर्णीयांना मृत्युदंड ठोठावला गेला. सुमारे तीन दशकांनी दक्षिणेत परतलेल्या वेल्स कैद्यांच्या नातेवाईक स्त्रियांमध्ये मिसळून, ओळख न देता तुरुंगात गेल्या. त्यांच्या पुस्तिकेत (१९२०) कैद्यांच्या जबान्यांबरोबरच त्यांच्या हातून गेलेल्या कापसाच्या पिकाचा हिशेबही आहे. न्यायालयीन लढ्याचे श्रेय मुख्यतः वकिलांचे व इतर संघटनांचे. १९२५ पर्यंत बाराही जण सुटले.

उत्तरायुष्य

१९१३ मध्ये त्यांनी शिकागोत कृष्णवर्णीय स्त्रियांची मताधिकार संघटना स्थापली. १९३० मध्ये इलिनॉय राज्य सिनेटची निवडणूक त्या हरल्या. त्यांचे अपूर्ण आत्मचरित्र कन्या आल्फ्रेडा डस्टर यांनी संपादित केले व ते १९७० मध्ये प्रकाशित झाले. २०२० मध्ये त्यांना मरणोत्तर विशेष पुलित्झर सन्मान देण्यात आला. झुंडबळीविरोधी संघीय कायदा २०२२ मध्ये झाला.