बडोद्याचे ग्रंथप्रेमी महाराज

नाशिक जिल्ह्यात कवळाणे नावाचे एक खेडे आहे. तेथे काशीराव गायकवाड शेतीभातीवर आपला संसार चालवीत असत. त्यांच्या घरी ११ मार्च १८६३ रोजी एक पुत्र जन्मास आला. त्याचे नाव गोपाळ. हा मुलगा पुढे एका मोठ्या संस्थानाचा अधिपती होईल, असे त्या वेळी कोणाच्या स्वप्नातही आले नसेल.

१८७५ साली इंग्रज सरकारने बडोद्याचे मल्हारराव महाराज यांना पदच्युत केले. गादीसाठी वारस हवा होता. खंडेराव महाराजांच्या विधवा राणी जमनाबाईसाहेब यांनी दत्तक घेण्यासाठी गायकवाडांच्या कुळातील मुलांचा शोध केला, आणि कवळाण्याची मुले बडोद्यास आली. येथे कशासाठी आलात, असा प्रश्न त्यांना विचारण्यात आला, तेव्हा गोपाळने आपण राज्य करण्यासाठी आलो आहोत असे बेधडक सांगून टाकले, अशी आख्यायिका आहे. ती खरी असो वा नसो, २७ मे १८७५ रोजी त्याचे दत्तकविधान झाले व गोपाळचा सयाजीराव झाला.

राजा झाला खरा. पण बारा वर्षांच्या या राजाचे शिक्षण फारसे झालेले नव्हते! दिवाण सर टी. माधवराव यांच्या देखरेखीखाली आणि इलियट नावाच्या इंग्रज शिक्षकाच्या हाताखाली त्याचा अभ्यास सुरू झाला. ज्या वयात तुम्ही मराठी पुस्तके सहज वाचता, त्या वयात त्याला मराठी, गुजराती, इंग्रजी व उर्दू या भाषांशी झुंजावे लागले. त्यातूनच वाचनाची गोडी लागली, ती जन्मभर सुटली नाही. २८ डिसेंबर १८८१ रोजी राज्यकारभार हाती आला, तोवर ग्रंथ हे त्यांचे नित्याचे सोबती झाले होते.

महाराजांनी १८९३ साली अमरेली भागात सक्तीचे व मोफत प्राथमिक शिक्षण सुरू केले आणि १९०६ साली ते संस्थानभर लागू केले. परंतु एक अडचण होतीच. शेतकऱ्याचा मुलगा शाळेत अक्षरे शिके, मग शेतावर जाई. घरात पुस्तक नाही, गावात वर्तमानपत्र नाही. मग शिकलेले अक्षर टिकावे कसे? त्यावर केलेला खर्च पाण्यातच जावयाचा. १९०६ साली महाराज अमेरिकेस गेले असता तेथील सार्वजनिक ग्रंथालये त्यांनी पाहिली. या प्रश्नाचे उत्तर त्यांना तेथे सापडले.

१९१० साली त्यांनी विल्यम बॉर्डन या अमेरिकन ग्रंथपालास बडोद्यास बोलाविले. राजवाड्यातील आपला सुमारे २०,००० ग्रंथांचा संग्रह महाराजांनी लोकांसाठी खुला केला, व त्यातून मध्यवर्ती ग्रंथालय उभे राहिले. पुस्तके विषयवार कशी लावावी, वाचकाला हवे ते पुस्तक चटकन कसे काढून द्यावे, हे शिकविणारा वर्गही बॉर्डन यांनी १९११ साली चालविला. ग्रंथालयात स्त्रियांसाठी वेगळा विभाग होता. मुलांचा विभाग तर निराळाच! तेथे पुस्तकांबरोबर खेळही असत. ही सारी सोय विनामूल्य होती.

पण बडोदा शहर म्हणजे सारे संस्थान नव्हे. खेड्यांसाठी महाराजांनी एक युक्ती योजली. गावकऱ्यांनी वर्गणी जमवावी. तेवढीच रक्कम सरकार देई, आणि तेवढीच स्थानिक पंचायतीकडून मिळे. म्हणजे गावाने २० रुपये जमविले, की ग्रंथालयासाठी ६० रुपये होत. नुसती देणगी दिली असती, तर ते ग्रंथालय गावाला सरकारचे वाटले असते. स्वतःची पदरमोड केल्यावर ते आपले वाटू लागले. मोतीभाई अमीन या शिक्षकांनी गावोगावी हिंडून या कामासाठी लोकांची मने वळविली. त्यांच्या खटपटीवाचून नुसत्या सरकारी हुकमाने हे घडले नसते, हे विसरता येत नाही.

जेथे वर्गणीही जमत नसे, तेथे फिरते ग्रंथालय जाई. हे ग्रंथालय म्हणजे पुस्तकांनी भरलेली एक मजबूत लाकडी पेटी! पेटी गावात येई, पुस्तके वाचून होत, की ती परत जाई व दुसरी येई. तिच्या वाहतुकीचा खर्चदेखील सरकारच सोशी. ज्यांना वाचता येत नसे त्यांनाही महाराज विसरले नाहीत. त्यांच्यासाठी ग्रंथालय खात्याची माणसे जादूचा कंदील आणि चलच्चित्रांचे यंत्र घेऊन खेडोपाडी जात. दिवसभर राबलेले शेतकरी रात्री पडद्यावर दूरदूरचे देश पाहत.

जुन्या संस्कृत पोथ्यांचा विभागही ग्रंथालयात होता. काळाच्या ओघात नष्ट झाल्या असत्या अशा कितीतरी पोथ्या त्याने जमविल्या. १९१६ पासून त्यांतील ग्रंथ गायकवाड प्राच्यमालेत छापून प्रसिद्ध होऊ लागले, आणि १९२७ साली या विभागाची स्वतंत्र प्राच्यविद्या संस्था झाली.

१९३१ च्या सुमारास मध्यवर्ती ग्रंथालय मांडवीजवळच्या नव्या इमारतीत आले. आगीचे भय नको म्हणून पुस्तकांचे घोडे पोलादी केले होते, व ते मजल्यावर मजले असे रचले होते. मधल्या जमिनी जाड काचेच्या होत्या. त्यामुळे वरचा उजेड खालपर्यंत झिरपे, आणि अगदी तळच्या मजल्यावरही पुस्तकाच्या पाठीवरचे नाव वाचता येई.

६ फेब्रुवारी १९३९ रोजी मुंबईस महाराजांचे निधन झाले. तोपर्यंत संस्थानातील ग्रंथालयांची संख्या हजारापलीकडे गेली होती. पुढे १९४९ साली बडोदे संस्थान मुंबई राज्यात विलीन झाले, आणि १९६० साली तो प्रदेश गुजरात राज्यात गेला. मांडवीजवळच्या त्या इमारतीतील ग्रंथालय मात्र पुढेही वाचकांसाठी उघडे राहिले.