वीस पुड्या सोमल

हे-ऑन-वाय हे नाव पुस्तकप्रेमींना परिचित आहे. वेल्स आणि इंग्लंडच्या सीमेवर, वाय नदीच्या काठी वसलेले हे चिमुकले गाव रिचर्ड बूथ यांनी १९६० च्या दशकात तेथे जुन्या पुस्तकांची दुकाने थाटल्यापासून जगभर ओळखले जाऊ लागले. १९८८ पासून तेथे साहित्य महोत्सव भरतो. आपल्याकडे पाचगणीजवळच्या भिलारला २०१७ साली 'पुस्तकांचे गाव' उभे राहिले, त्याची मूळ कल्पनाही याच गावावरून घेतलेली. परंतु पुस्तकांची कीर्ती लाभण्यापूर्वी चाळीस वर्षे हे गाव इंग्लंडमधील घराघरांत ठाऊक झाले होते ते एका सॉलिसिटरमुळे. त्याचे नाव हर्बर्ट रौस आर्मस्ट्राँग. खुनाच्या गुन्ह्याबद्दल फासावर गेलेला ब्रिटनमधील एकमेव सॉलिसिटर अशी त्याची नोंद आहे.

आर्मस्ट्राँगचा जन्म १८६९ सालचा, नैऋत्य इंग्लंडमधील डेव्हन परगण्यातला. घरची स्थिती बेताची होती. तथापि मुलगा हुशार निघाला, केंब्रिजच्या सेंट कॅथरिन्स कॉलेजातून कायद्याची पदवी घेऊन तो सॉलिसिटर झाला. १९०६ साली तो हे-ऑन-वायला आला आणि तेथील एका जुन्या वकिली पेढीत कामाला लागला. पुढच्याच वर्षी त्याने कॅथरीन फ्रेंड या डेव्हनमधीलच तरुणीशी विवाह केला. दांपत्याला दोन मुली आणि एक मुलगा झाला. गावाला लागून असलेल्या कसप या वस्तीत 'मेफील्ड' नावाचे मोठे घर त्यांनी घेतले. गाव वेल्समध्ये आणि कसप इंग्लंडमध्ये. मधून एक ओढा वाहतो, तीच सीमा. साहेबाची कचेरी एका देशात आणि घर दुसऱ्या देशात होते. खटला पुढे इंग्लंडमधील हेरफर्डच्या न्यायालयात चालला, तो या ओढ्यामुळेच.

१९१४ साली पेढीचा मूळ मालक वारला आणि कारभार आर्मस्ट्राँगकडे आला. त्याबरोबर स्थानिक न्यायदंडाधिकाऱ्यांच्या लिपिकाचे पदही होते. लिपिक या शब्दावर जाऊ नये. इंग्लंडच्या ग्रामीण भागात न्यायासनावर बसणारी मंडळी जमीनदार किंवा प्रतिष्ठित नागरिक असत, त्यांना कायद्याचे शिक्षण नसे. त्यांना कायदा समजावून सांगणारा माणूस म्हणजे हा लिपिक. गावात त्याच्या शब्दाला वजन असणे स्वाभाविक होते. महायुद्धात त्याला मेजरचा हुद्दा मिळाला. युद्ध संपल्यावरही आपल्याला मेजर म्हणूनच संबोधले जावे, असा त्याचा आग्रह असे. अंगाने किडकिडीत, उंचीने बुटका, मिशांना मेण लावून टोके वळवलेली आणि पोशाखात काटेकोर असा हा गृहस्थ चर्चमध्ये आणि फ्रीमेसनांच्या लॉजमध्येही मानाच्या जागी असे.

घरात मात्र सत्ता कॅथरीनची होती. ती उत्तम पियानो वाजवीत असे, मुलांवर तिचा जीव होता, परंतु शिस्तीच्या बाबतीत ती कमालीची कठोर होती. मेजरला घरात मद्य वर्ज्य होते आणि धूम्रपान एकाच खोलीत करण्याची मुभा होती. टेनिसचा डाव रंगात आला असताना आज स्नानाचा दिवस आहे याची चारचौघांत आठवण करून देऊन तिने त्याला घरी नेल्याची हकीकत गावात पुढे वर्षानुवर्षे सांगितली गेली. अशा कथांना खटल्यानंतर पाय फुटतात, हे खरे. नवऱ्याने बायकोला मारले की बायको कशी कजाग होती याच्या आठवणी लोकांना अचानक येऊ लागतात. तिची बाजू सांगायला ती उरलेली नसते.

१९२० च्या उन्हाळ्यात कॅथरीनची प्रकृती बिघडली. जुलैमध्ये तिचे नवे मृत्युपत्र तयार झाले. १९१७ च्या आधीच्या मृत्युपत्रात तिने आपली मालमत्ता मुख्यतः मुलांच्या नावे ठेवली होती; नव्यात सर्व काही पतीला मिळणार होते. हे मृत्युपत्र आर्मस्ट्राँगच्या स्वतःच्या हस्ताक्षरात होते. ऑगस्टमध्ये तिला भ्रम होऊ लागले, उलट्या सुरू झाल्या, हातापायांची शक्ती गेली. घरचे वैद्य डॉ. हिंक्स यांच्या सल्ल्याने तिला ग्लॉस्टरजवळच्या बार्नवूड येथील मनोरुग्णालयात दाखल करण्यात आले. तेथे ती हळूहळू सुधारली. १९२१ च्या जानेवारीत, पतीच्या आग्रहाखातर, तिला घरी पाठवण्यात आले. ती येण्यापूर्वी अकरा दिवस आधी मेजरने गावातील औषधविक्रेते जॉन डेव्हिस यांच्याकडून पाव पौंड सोमल म्हणजे आर्सेनिक विकत घेतले होते आणि विषाच्या नोंदवहीत रीतसर सही केली होती.

यात लपवाछपवी काहीच नव्हती, हे लक्षात घ्यायला हवे. त्या काळी इंग्लंडच्या खेड्यापाड्यांत आर्सेनिक ही घरगुती वस्तू होती. उंदीर मारायला, मेंढ्या धुवायला, बागेतले तण जाळायला ते सर्रास वापरत. सोमलाने माणसे मारण्याचे प्रकार वाढल्यामुळे १८५१ साली कायदा होऊन विक्रेत्याला नोंदवही ठेवणे बंधनकारक झाले. त्याआधी १८३६ साली जेम्स मार्श या रसायनशास्त्रज्ञाने प्रेतातील आर्सेनिकचा अत्यल्प अंशही ओळखण्याची पद्धत शोधून काढली होती. तेव्हापासून हे विष वापरणे धोक्याचे झाले. पण त्यासाठी आधी कोणाला तरी संशय यावा लागतो. उलट्या, जुलाब, पोटात मुरडा ही लक्षणे कोणत्याही पोटाच्या विकारात दिसतात. वैद्याला रुग्णाचा नवरा आपल्याच ओळखीचा प्रतिष्ठित गृहस्थ म्हणून ठाऊक असेल, तर तो कशाला विषाचा विचार करील?

डॉ. हिंक्स यांनीही केला नाही. २२ फेब्रुवारी १९२१ रोजी कॅथरीन मरण पावली. जठरदाह, मूत्रपिंडाचा आणि हृदयाचा विकार अशी कारणे दाखल्यावर आली, कसपच्या चर्चच्या आवारात दफन झाले आणि सुमारे तेवीसशे पौंडांची मालमत्ता मेजरकडे आली. तो प्रवासाला जाऊन आला. युद्धकाळात ओळख झालेल्या एका विधवा स्त्रीपुढे त्याने विवाहाचा प्रस्तावही ठेवला.

येथे गोष्ट संपली असती. कोणी थडगे उकरले नसते, कोणी मृत्युपत्र पाहिले नसते. आर्मस्ट्राँगला फासापर्यंत नेले ते पत्नीच्या मृत्यूने नव्हे, एका दिवाणी व्यवहाराने.

गावात दोनच वकिली पेढ्या होत्या आणि दोन्ही समोरासमोर. दुसऱ्या पेढीत युद्धात जखमी झालेला ऑस्वल्ड मार्टिन हा तरुण सॉलिसिटर आला होता. एका जमिनीच्या विक्रीत आर्मस्ट्राँग विकणाऱ्याचा वकील होता आणि मार्टिन घेणाऱ्यांचा. घेणाऱ्यांनी दिलेली अनामत आर्मस्ट्राँगकडे होती. खरेदीखत काही होईना, तारखा पुढे जात राहिल्या. अखेर १९२१ च्या ऑक्टोबरमध्ये मार्टिनने करार रद्द करून पैसे परत मागितले. त्याआधी, सप्टेंबरमध्ये, मार्टिनच्या घरी टपालाने चॉकलेटचा एक डबा आला होता. पाठवणाऱ्याचे नाव नव्हते. घरी जेवायला आलेल्या मार्टिनच्या भावजयीने त्यातले चॉकलेट खाल्ले आणि ती आजारी पडली. तेव्हा त्याकडे कोणी लक्ष दिले नाही.

२६ ऑक्टोबरला आर्मस्ट्राँगने मार्टिनला मेफील्डवर चहाला बोलावले. लोणी लावलेला एक स्कोन, म्हणजे इंग्रजांचा चहाबरोबरचा गोलसर पाव, यजमानाने स्वतः उचलून पाहुण्याच्या बशीत ठेवला आणि हाताने वाढल्याबद्दल क्षमा मागितली. व्यवहाराचा विषय निघालाच नाही. मार्टिन घरी गेला आणि रात्रभर उलट्यांनी हैराण झाला. डॉ. हिंक्सना प्रथम पित्त वाटले. परंतु मार्टिनची पत्नी औषधविक्रेत्या डेव्हिस यांची मुलगी होती. मेजर आपल्याकडून वरचेवर किती सोमल नेतो, हे डेव्हिस यांना ठाऊक होते. त्यांनी जावयाला सावध केले, डॉक्टरांपाशी शंका बोलून दाखवली आणि चॉकलेटच्या डब्याची आठवण झाली. मार्टिनच्या लघवीचा नमुना आणि उरलेली चॉकलेटे लंडनला तपासणीस गेली. दोन्हींत आर्सेनिक निघाले. आता डॉ. हिंक्सना कॅथरीनचे बधिर झालेले पाय आणि तिची विचित्र चाल आठवू लागली.

यानंतरचे दोन महिने या साऱ्या प्रकरणातील सर्वांत विलक्षण म्हणावे लागतील. स्कॉटलंड यार्डचे अधिकारी गुपचूप तपास करीत होते. संशयिताला सुगावा लागू नये म्हणून मार्टिनला नेहमीसारखे वागण्याची ताकीद होती. आणि मेजर रोज नव्याने चहाचे आमंत्रण देत होता. कचेरी समोरच असल्याने टाळायची सोय नाही, आणि सभ्य इंग्रज समाजात चहाला नकार द्यायचा म्हणजे कारण हवे! काम आहे, बाहेरगावी जायचे आहे, चहा पिऊन झाला आहे अशी निमित्ते मार्टिन सांगत राहिला. पती-पत्नी रात्री आळीपाळीने जागे राहू लागले. जीव जाईल याची खात्री असूनही समोरच्याचा अपमान होऊ नये याची काळजी घेणाऱ्या त्या तरुणाची अवस्था वाचताना हसू येते आणि मग त्या हसण्याची लाजही वाटते.

३१ डिसेंबर १९२१ रोजी आर्मस्ट्राँगला त्याच्या कचेरीत अटक झाली. त्याच्या खिशात कागदपत्रांमध्ये सोमलाची एक छोटी पुडी सापडली. एका माणसाला मारण्यास ती पुरेशी होती. दोनच दिवसांनी कॅथरीनचे प्रेत उकरून काढण्यात आले. गृहखात्याचे विख्यात विकृतिशास्त्रज्ञ बर्नार्ड स्पिल्सबरी यांनी शवविच्छेदन केले आणि दहा महिने पुरलेल्या त्या देहात २०८ मिलिग्रॅम आर्सेनिक मिळाले. प्राथमिक सुनावणी हे-ऑन-वायच्याच न्यायदंडाधिकाऱ्यांपुढे झाली. ज्यांना आजवर तो कायदा सांगत आला, त्यांच्यासमोर तो आरोपी म्हणून उभा होता.

मुख्य खटला ३ एप्रिल १९२२ रोजी हेरफर्ड येथे न्यायमूर्ती डार्लिंग यांच्यापुढे सुरू झाला. सरकारतर्फे अॅटर्नी जनरल सर अर्नेस्ट पोलक आणि बचावासाठी सर हेन्री कर्टिस-बेनेट. दीडच वर्षापूर्वी वेल्समधीलच हॅरॉल्ड ग्रीनवुड हा सॉलिसिटर पत्नीला सोमल दिल्याच्या आरोपातून सुटला होता, त्यामुळे हाही सुटणार असे अनेकांना वाटत होते. कॅथरीनने भ्रमाच्या भरात स्वतःच विष घेतले, असा बचाव होता. स्पिल्सबरींनी तो खोडून काढला. मृत्यूच्या आधीच्या चोवीस तासांत तिला विषाची मात्रा मिळाली असली पाहिजे आणि त्या अवस्थेत ती बिछान्यातून उठूही शकत नव्हती, असे त्यांचे म्हणणे. मार्टिनवरील विषप्रयोगाचा पुरावा पत्नीच्या खुनाच्या खटल्यात यावा की नाही, यावर मोठा वाद झाला. न्यायमूर्तींनी तो येऊ दिला, आणि त्यामुळे हा खटला पुराव्याच्या कायद्याच्या ग्रंथांत कायमचा जाऊन बसला.

आर्मस्ट्राँग स्वतः साक्षीदाराच्या पिंजऱ्यात उभा राहिला. तासन् तास उलटतपासणी होऊनही तो डगमगला नाही. बागेतल्या डँडेलियन या पिवळ्या फुलांच्या तणासाठी आपण सोमलाच्या वीस पुड्या केल्या, प्रत्येक झाडाच्या मुळाशी एक घातली, उरलेली एक खिशात तशीच राहून गेली, असे त्याने सांगितले. तो उतरणार तोच न्यायमूर्ती डार्लिंग यांनी स्वतः प्रश्न विचारायला सुरुवात केली. विष थेट जमिनीत टाकायचे सोडून वीस वेगळ्या पुड्या बांधण्याचा खटाटोप कशासाठी? पत्नी सोमलाने गेली आणि मार्टिनलाही सोमलच बाधले हे कानावर आल्यावर ही पुडी कशी आठवली नाही? या प्रश्नांना त्याच्याकडे समाधानकारक उत्तर नव्हते. वकिलाने इतरांना शेकडो वेळा दिला असेल तो सल्ला, विचारले तेवढेच सांगावे, त्याला स्वतःला पाळता आला. परंतु सांगण्यासारखे काही असायला हवे होते.

१३ एप्रिलला ज्युरीने तासाभराच्या आत त्याला दोषी ठरवले. अपील फेटाळले गेले आणि ३१ मे १९२२ रोजी ग्लॉस्टरच्या तुरुंगात त्याला फाशी देण्यात आले. अखेरपर्यंत त्याने गुन्हा कबूल केला नाही.

त्याला विष देताना कोणी पाहिले नव्हते. सारा पुरावा परिस्थितिजन्य होता. मार्टिनचा नमुना ज्या बाटलीतून लंडनला गेला ती बाटली खुद्द त्याच्या सासऱ्यांच्या दुकानातली होती, याकडे बचावपक्षाने तेव्हाच बोट दाखवले होते. पुढे मार्टिन बील्स नावाचे एक सॉलिसिटर गावात आले. आर्मस्ट्राँगच्याच कचेरीत त्यांनी वकिली केली, त्याच्याच घरात ते राहिले, आणि १९९५ साली पुस्तक लिहून मेजर निर्दोष होता असे त्यांनी मांडले. खिशातली पुडी, जानेवारीतली खरेदी आणि मृत्युपत्र या तिन्ही गोष्टी एकत्र ठेवल्या की त्यांचा युक्तिवाद पटणे कठीण जाते. त्याआधी वर्षभर ब्रिटिश दूरचित्रवाणीवर या प्रकरणावरची मालिका येऊन गेली होती. तिच्या नावात मेजर नव्हता, कॅथरीन नव्हती. होते ते डँडेलियन.