गणितज्ञ ब्रह्मगुप्त

बीजगणिताच्या आरंभींच विद्यार्थ्यास एक अडचण हटकून येते. ज्या संख्येंत ७ मिळविले असतां बेरीज ३ होते, ती संख्या कोणती? मिळविल्यानें संख्या वाढावयाची, मग ती सातांहून कमी कशी व्हावी? ही शंका केवळ बालबुद्धीची नव्हे. एका संख्येच्या चौपटींत २० मिळविले असतां ४ यावे, असें समीकरण पुढें येतांच अलेक्झांड्रियाच्या डायोफँटस या थोर गणित्यानें तें असंबद्ध म्हणून सोडून दिलें. ज्यानें अशा उत्तरांस गणितांत स्थान मिळवून दिलें, त्या ब्रह्मगुप्ताचें चरित्र आपण सर्वांनीं जाणून घेण्याजोगें आहे.

ब्रह्मगुप्ताचा जन्म इ. स. ५९८ मध्यें झाला. त्याच्या पित्याचें नांव जिष्णु. राजस्थानांतील भिनमाळ, म्हणजे पूर्वींचें भिल्लमाळ, या नगराशीं त्याचें नांव निगडित आहे. चाप वंशांतील व्याघ्रमुख राजाच्या कारकीर्दींत, शके ५५० म्हणजे इ. स. ६२८ मध्यें, वयाच्या अवघ्या तिसाव्या वर्षीं त्यानें ‘ब्राह्मस्फुटसिद्धांत’ हा ग्रंथ रचिला. ग्रंथ मुख्यत्वें ज्योतिषाचा. परंतु त्याच्या अठराव्या अध्यायांत धन, ऋण व शून्य यांचे नियम पद्धतशीरपणें दिले आहेत.

हे शब्द व्यवहारांतलेच आहेत. पदरीं आहे तें धन, देणें आहे तें ऋण. ज्याच्याजवळ ३ रुपये असून ७ रुपयांचें देणें आहे, त्याची स्थिति ऋण ४ होय. आतां आपलें समीकरण पाहा : क्ष + ७ = ३. दोन्ही बाजूंतून ७ वजा केले कीं क्ष = −४ हें उत्तर मिळतें; आणि −४ मध्यें ७ मिळविले कीं ३ येतात, हा त्याचा ताळा. डायोफँटसानें टाकून दिलेल्या समीकरणाचें उत्तरही −४ च आहे! ऋणास ऋणानें गुणिलें असतां गुणाकार धन येतो, हाही नियम ब्रह्मगुप्तानें दिला. म्हणून −५ नें गुणिली असतां २० होणारी संख्या पुन्हां −४ च ठरते.

तथापि तो चुकलाच नाहीं असें नाहीं. शून्यास शून्यानें भागिलें असतां शून्य येतें, हें त्याचें मत आज ग्राह्य नाहीं. तारुण्यांत त्यानें आर्यभटावर कठोर टीका केली, आणि पृथ्वी स्वतःभोंवतीं फिरते हें आर्यभटाचें यथार्थ मतही नाकारलें. परंतु इ. स. ६६५ मध्यें, वयाच्या ६७ व्या वर्षीं, ‘खंडखाद्यक’ हा ग्रंथ लिहितांना त्यानें आर्यभटाचीच एक गणनापद्धति आधारास घेतली.

पुढें आठव्या शतकांत त्याची विद्या बगदादपर्यंत पोंचली, बाराव्या शतकांत भास्कराचार्यांनीं त्यास गणकचक्रचूडामणि म्हणून गौरविलें, इ. स. १८१७ मध्यें कोलब्रुकनें त्याच्या गणिताचें इंग्रजी भाषांतर प्रसिद्ध केलें.

विद्यार्थिमित्रहो, उत्तर ऋण आलें म्हणून तें खोडून टाकण्याची घाई करूं नका. आधीं ताळा पाहा. ताळा जमला तर तें उत्तर निःशंक मनानें लिहा. आणि न जमला तर चूक कबूल करून पुन्हां आरंभ करण्यांत कमीपणा मानूं नका.