भारतीय सिनेमाची पहिली नायिका एक पुरुष होता, आणि तोच पुढे छायाचित्रकारही झाला!

गोष्ट आहे १९१२ सालची. दादासाहेब फाळके मुंबईत ‘राजा हरिश्चंद्र’च्या तयारीला लागले होते. राजाच्या भूमिकेसाठी दत्तात्रय दाबके मिळाले, पण राणी तारामतीसाठी कुणीच मिळेना.

सिनेमात काम करणं तेव्हा कमीपणाचं समजलं जायचं. जाहिराती देऊन झाल्या. अगदी वेश्यावस्तीतही फाळक्यांनी विचारून पाहिलं, पण तिथूनही नकारच आला.

शेवटी ग्रँट रोडच्या एका हॉटेलात त्यांची नजर तिथं काम करणाऱ्या एका तरुणावर गेली. सडपातळ बांधा, नाजूक हात. हे होते अण्णा साळुंके. हॉटेलात महिना १० रुपये मिळायचे, फाळक्यांनी १५ देऊ केले. ठरलं!

आता तुम्ही म्हणाल, स्त्री भूमिका करणारे पुरुष तर मराठी रंगभूमीवर होतेच. १९११ मध्ये बालगंधर्वांची भामिनी गाजली होती. पण रंगभूमीवर गाता गळा लागायचा. मूकपटात आवाजच नव्हता. चेहरा आणि हालचाल जमली की काम भागायचं. म्हणून हॉटेलातला एक पोऱ्या थेट राणी होऊ शकला.

३ मे १९१३ रोजी गिरगावच्या कोरोनेशन सिनेमात ‘राजा हरिश्चंद्र’ प्रदर्शित झाला आणि अण्णा भारताच्या पहिल्या पूर्ण लांबीच्या कथापटाची नायिका ठरले.

त्याच वर्षी फाळक्यांच्याच ‘मोहिनी भस्मासुर’मध्ये दुर्गाबाई कामत आणि त्यांची मुलगी कमलाबाई पडद्यावर आल्या. तरी अण्णांची गरज संपली नाही. १९१७ च्या ‘लंका दहन’मध्ये त्यांनी राम आणि सीता, दोन्ही भूमिका केल्या. भारतीय सिनेमातला हा पहिला डबल रोल मानला जातो.

बहुतेक जण अण्णांची गोष्ट इथंच संपवतात. खरी गंमत तर पुढं आहे.

१९१८ मध्ये नाशिकला हिंदुस्थान सिनेमा फिल्म्स कंपनी सुरू झाली. तिथं अण्णा कॅमेऱ्यामागे गेले. छायाचित्रण केलं. ‘सत्यनारायण’ (१९२२) आणि ‘बुद्धदेव’ (१९२३) हे त्यांनी छायाचित्रण केलेले मूकपट. फिल्म स्कूल वगैरे काही नव्हतं. जे शिकले ते सेटवर काम करता करताच.

१९३१ मध्ये ‘आलम आरा’ आला आणि पडदा बोलू लागला. अण्णांची कारकीर्द मूकपटांच्या जमान्यापुरतीच राहिली. ‘राजा हरिश्चंद्र’चीही आज मोजकीच रिळं उरली आहेत, आणि तीही १९१३ ची की १९१७ च्या आवृत्तीची, यावर अभ्यासकांत वाद आहे.

म्हणूनच पुढच्या वेळी क्विझमध्ये ‘भारताची पहिली नायिका कोण?’ असा प्रश्न आला, तर अण्णांचं नाव सांगाच. पण सोबत एवढंही सांगा, की साडी उतरवल्यावर याच माणसानं कॅमेराही हाती घेतला होता.