आकाशाची नोंद ठेवणारे नायगमवाला



चंद्र-सूर्य सगळ्यांनाच दिसतात. पण जे दिसले ते मोजायचे, लिहून ठेवायचे, तर वेधशाळा लागते. पुण्यात अशी वेधशाळा उभी करणारे प्राध्यापक कावसजी दादाभाई नायगमवाला यांची माहिती मी देत आहे.

त्यांचा जन्म १८५७ साली झाला. एम. ए. होऊन ते मुंबईच्या एल्फिन्स्टन कॉलेजात शिकवू लागले. १८८२ साली भावनगरचे महाराज तख्तसिंहजी यांनी ५,००० रुपये देणगी दिली. सरकारने तेवढीच भर घातली. मग नायगमवाला विलायतेस गेले, नॉर्मन लॉकियर या शास्त्रज्ञांना भेटले आणि दुर्बीण मागवली. १८८८ साली पुण्याच्या सायन्स कॉलेजात वेधशाळा सुरू झाली. दुर्बिणीचा आरसा २० इंची! तेव्हा देशात एवढी मोठी दुसरी नव्हती. तिला जोडलेल्या यंत्रातून ताऱ्याचा प्रकाश इंद्रधनुष्यासारखा फाकतो. त्यातल्या रेषांवरून तिथे कोणता पदार्थ आहे ते कळते.

मृग नक्षत्रातील तेजोमेघाच्या प्रकाशात एक हिरवी रेषा दिसते. ती मॅग्नेशियमची असावी, असे लॉकियर यांचे मत होते. नायगमवालांनी ती तपासली. रेषा बारीक आणि रेखीव निघाली. मॅग्नेशियमची तशी नसते. लॉकियर म्हणजे केवढं मोठं नाव, शिवाय ओळखीचे! तरी नायगमवालांनी जे दिसले तेच १८९१ साली छापले. ती रेषा ऑक्सिजनची आहे, हे १९२७ साली कळले. मला त्यांची हीच गोष्ट सगळ्यात जास्त आवडली.

२२ जानेवारी १८९८ रोजी खग्रास सूर्यग्रहण झाले. चंद्राची सावली विजयदुर्गाकडून घाट चढून आपल्या शिराळा-कऱ्हाड भागावरून सोलापूर जिल्ह्यातील जेऊरकडे गेली. भर दुपारी अंधार, तोही फक्त दोनेक मिनिटे! जेऊरला नायगमवाला यंत्रे मांडून तयार होते. तेवढ्या वेळात त्यांनी सूर्याभोवतीच्या तेजाचे फोटो घेतले आणि पुढे सगळा अहवाल छापला.

१९१२ साली ते निवृत्त झाले आणि वेधशाळाच बंद पडली. दुर्बीण कोडाईकनालला गेली. १९३८ साली ते वारले. वेधशाळा नुसत्या यंत्रावर चालत नाही, रोज नोंद ठेवणारा माणूस लागतो, हे मला यातून कळले.

मित्रांनो, पुढचे ग्रहण येईल तेव्हा सूर्याकडे नुसत्या डोळ्यांनी बघू नका. चाळणीची सावली जमिनीवर पाडा आणि वेळ घालून वहीत लिहा. जसे दिसेल तसेच लिहा.